सुरमईबाईंचे डॉक्टर

दोन्ही हात काखेत घालून ते उभे राहायचे. थंडी असो, नसो. सोलापुरात थंडी पडून पडणार किती, पण जनावराला हात लावायच्या आधी पंजे काखेत, मान जरा वाकडी आणि नजर जनावरावर. लांबून बघणाऱ्याला वाटावं, हे गृहस्थ कुणावर तरी रुसून उभे आहेत. हात उबदार झाले की स्वतःच्या गालाला लावून बघायचे आणि मग म्हणायचे, "हं, आता या बाई. बसा."

बाई म्हणजे मी नव्हे. मांजर.

ते गुरांच्या दवाखान्याचे डॉक्टर. त्यांचा सगळा कारभार उलटा. जनावरांना अहोजाहो आणि माणसांना अरेतुरे. बैलाला "मालक", कुत्र्याला "पाटील", आणि बैल घेऊन आलेल्या खऱ्या मालकाला "ए, धर की नीट". त्यांचं नाव मी लिहीत नाही. त्यांना स्वतःलाच त्याची फार हौस नव्हती. दवाखान्यात नावाची पाटी होती, तिच्यावर त्यांनी कॅलेंडर टांगलं होतं. खिळा तेवढा एकच होता म्हणे.

मैंदर्गीकडचे ते. घरात कानडी, बाहेर मराठी, आणि जनावरांशी दोन्ही. घाबरलेल्या जनावराच्या कानाशी जाऊन म्हणायचे, "अंजबेडरी." म्हणजे भिऊ नका; शेवटचं "री" म्हणजे अहो. माझ्या आयुष्यातला पहिला कानडी शब्द तो.

आता मी तिथं कशी, ते सांगते. मी राजापूरकडची. पाचवीत शाळा सुटली ती सुटलीच. लग्न झालं, यांना सोलापूरच्या गिरणीत काम मिळालं आणि आम्ही निघालो. त्याच वर्षी माझी आई गेली होती. आईचं मांजर होतं, राखाडी रंगाचं, सुरमई नावाचं. आईमागं त्याला विचारणारं कुणी नव्हतं. मी ते टोपलीत घातलं, वर फडकं बांधलं आणि एसटीत बसले. तुम्ही कधी मांजर घेऊन घाट उतरला-चढलाय का? करू नका. टोपलीतून आवाज आणि वास दोन्ही येत होते, कंडक्टर मागं वळून बघत होता आणि हे खिडकीबाहेर बघत बसले होते, मी त्यांच्या ओळखीचीच नसल्यासारखे. कोल्हापूर आल्यावर एवढंच म्हणाले, "गो, माणसां लोणच्याची बरणी आणतत."

आम्हाला जागा मिळाली ती एका विणकराच्या घरामागची खोली. घरात तेलुगू बोलत. मालकांना सगळे अण्णा म्हणत, त्यांच्या बायकोला अक्का. मी तिथंच कांड्या भरायला लागले. म्हणजे आडव्या धाग्यासाठी लहान लहान नळ्यांवर सूत गुंडाळायचं. भाडं त्यातच फिटायचं.

त्या घराची एक रीत होती, ती मला फार आवडली. कुणी कुणाला काम सांगायचं नाही. कांडी संपलेली दिसली की ज्याला दिसली त्यानं भरायची. अण्णा मागावरून उठले की जो जवळ असेल त्यानं बसायचं. चुलीवर दूध चढलं आणि अक्का दिसत नाही, तर दूध उतरवायचं. विचारायचं नाही, सांगायचं नाही, मोठेपणा घ्यायचा नाही. मी परकी मुलगी, पण चार दिवसांत त्या रीतीत बसले. सुरमईलाही त्यांनी तसंच घेतलं. तिची वाटी रिकामी दिसली की ज्याला दिसेल तो भरायचा. ती मासळीची सवय सोडून दही-भाकरी खायला शिकली. तोंड वाकडं करून खायची, पण खायची.

मग अण्णांनी हातमाग काढले आणि विजेचे माग बसवले.

हातमागाचा आवाज म्हणजे शेजारी कुणी कांडतंय असा. विजेच्या मागांचा आवाज ऐकलाय तुम्ही? जमीन हलते. ताटातला पापड हलतो. पहिल्या दिवशी माग सुरू झाले आणि सुरमई फडताळावर जाऊन बसली ती खाली उतरेना. उतरली की ओकायची. खाल्लं तरी ओकायची, न खाता पिवळं पाणी ओकायची. मग खाणंच सोडलं. पाठीचं हाड हाताला लागायला लागलं. मला घास उतरेना. आईच्या घरातलं, मला लहानपणापासून ओळखणारं असं त्या शहरात दुसरं कोण होतं? एकच जीव, आणि तो वाळत चालला होता.

अक्का म्हणाली, "गुरांच्या दवाखान्यात ने की."

"मांजराला बघतील?"

"मांजर काय झाड हाय?"

दवाखान्यात माझ्या पुढं एक म्हैस होती. तिच्या पोटफुगीचं औषध बाटलीनं पाजणं चाललं होतं. मी म्हटलं, "डॉक्टर, त्यातलंच थोडं हिला द्या, अगदी थेंबभर."

डॉक्टर वळले. हात काखेत गेले. "पोरी," ते म्हणाले, "मांजर म्हणजे लहान म्हैस नव्हे."

हे वाक्य मी पुढं शंभरदा ऐकलं. त्यांच्याकडच्या पुस्तकात गाय होती, घोडा होता, कुत्रा होता. मांजराला शेवटी अर्धं पान. ते अर्धं पान त्यांनी इतकं वाचलं होतं की तेवढंच मळलं होतं. आणि जे त्यात नसेल ते विचारलं की ते सरळ म्हणायचे, "माहीत न्हाय." मोठ्यानं, खुशीत. मी तोवर माहीत नाही म्हणणारा डॉक्टर पाहिला नव्हता. आधी भीती वाटली, मग तेवढ्याचाच आधार वाटायला लागला.

त्यांनी सुरमईचे डोळे बघितले, हिरड्या बघितल्या, पोट चाचपलं. "बाईंचं पोट ठीक हाय. बाईंना भ्या वाटतंय. भ्यानं ओकतायत, ओकून खाईनात, आणि न खाल्ल्यानं अजून मळमळतंय. मांजर लई दिवस उपाशी राहिलं तर यकृत बिघडतं त्याचं. वजन किती?"

मला काय माहीत. दवाखान्यातल्या काट्यावर मांजर ठेवलं तर काटा हलेना. तो बोकडांसाठीचा. डॉक्टर म्हणाले, "नवी पेठेत जा. अण्णांचा सूतवाला असेल की. त्याच्याकडं चांगला तराजू असतो."

गेले. सूतवाल्यानं सुरमईला पारड्यात बसवलं आणि दुसऱ्या पारड्यात सुताच्या लडी टाकत गेला. गिऱ्हाइकं जमली. सूतवाला तोंडावरची रेघ न हलवता म्हणाला, "माल बरा हाय. कितव्या नंबरचं सूत?" सुरमई पारड्यात अशी बसली होती, जणू तिचा लिलावच चाललाय आणि बोली तिला पसंत नाही. मी मात्र लाजेनं अर्धी झाले.

डॉक्टरांनी वजन ऐकलं, बराच वेळ आकडेमोड केली आणि दोन जातीच्या पुड्या बांधल्या. पांढरी पूड ओकारीवर. पिवळी पूड भीतीवर.

"आता कान देऊन ऐक. ह्या दोघी एकमेकीला वळखत न्हाईत. वळख नसलेल्यांना एकाच येळी एका पोटात सोडायचं न्हाई. आधी पांढरी. ती आत जाऊन काय करती ते बघायचं. बाई चालतायत का नीट, हाक मारली की बघतायत का. दोन दिवस गेले की मला येऊन सांग. मग पिवळीला बोलवायचं का ते मी सांगीन. दोन्हीत झोप हाय. एकीनं डुलकी लागती. दोघी मिळून आल्या तर उठवता येत न्हाई. कळलं?"

"मग पिवळी आत्ताच कशाला देता?"

"मी उद्या अक्कलकोटला कॅम्पला चाललोय, यायला उशीर झाला तर निरोप धाडीन, म्हणून. न्हाईतर नसती दिली." आणि मग एकदम, "तू जेवतीस का?"

मी टोपलीचं फडकं नीट करायला लागले. ते सुरमईकडं बघून म्हणाले, "बघा बाई, तुमच्या घरात दोघी आजारी."

घरी आल्यावर अक्कानं आपली एक गोळी काढली. तिला छातीत धडधडायचं, त्यासाठी कुणी दिलेली. "ह्यातली अर्धी दे. मला लई बरं वाटतं."

मी ती घेऊन विचारायला परत गेले. डॉक्टर सायकलीवर टांग टाकत होते. गोळी बघून उतरले. "मांजर म्हणजे लहान माणूस पण नव्हे. माणसाची गोळी मांजराला न्हाई, मला विचारल्याबिगर कधीच न्हाई. अक्काला सांग, तिची गोळी तिनंच खावी. तिला नवरा हाय, लागंल."

पुड्या मी फडताळात ठेवल्या आणि कुठली कशाची ते सगळ्यांना सांगितलं. सगळ्यांनी मान हलवली. पहिला दिवस चांगला गेला. ओकारी कमी झाली. सुरमईनं दह्याचं पाणी चाटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी तिला पांढरी पुडी दिली आणि कांड्या भरायला बसले. थोड्या वेळानं बघते तर सुरमई चुलीजवळ आडवी. नेहमी झोपते तशी नव्हे. पाय पसरलेले, मान लोळागोळा, डोळ्यांवर निम्मा पांढरा पडदा आलेला. हाक मारली, कान हलला नाही. उचलली तर ओल्या सुताच्या लडीसारखी हातातून ओघळली. कान गार.

हे गिरणीत होते. मी पदर खोचून धावले. डॉक्टर अक्कलकोटहून नुकतेच येऊन टेबलाशी बसत होते. माझ्या तोंडाकडं बघून ते परत उठले. सायकलीवर मला मागं बसवून त्यांनी जी सायकल हाणली, ती थेट अण्णांच्या दारात. मी रस्ताभर रडत होते आणि लोक समजत होते की डॉक्टर कुणाची तरी बायको पळवतायत.

आत आल्यावर हात काखेत. त्या घाईतसुद्धा. मग सुरमईच्या छातीवर हात ठेवून घड्याळाकडं बघत राहिले. मग सगळ्यांकडं.

"कुणी काय दिलं? एकेकानं सांगा. रागवत न्हाई मी."

मी म्हटलं, "सकाळची पांढरी. एकच."

अक्का पदर चाचपत म्हणाली, "वाटी रिकामी दिसली. म्हटलं हिचं राहिलं आसंल. मी बी पांढरी दिली. दुधातनं."

मग अण्णा मागावरून उठून आले. गडी भरदार, पण आवाज खाली गेला होता. "माग सुरू केला, तसं ते पळालं. घाबरलं म्हणून मी पिवळी दिली. दिसलं काम, केलं. आमच्यात इचारत न्हाईत हो."

माग धडधडत होते. ज्या रीतीनं मला त्या घरात घेतलं होतं, तीच रीत सुरमईच्या पोटात जाऊन बसली होती.

डॉक्टर म्हणाले, "सगळ्यांनी मिळून लई मायेनं मारायला काढलंय की हिला." मग अण्णांना, "माग बंद कर."

"सगळे?"

"सगळे."

माग थांबले. घरात एकदम इतकं शांत झालं की मला माझा हुंदका ऐकू आला.

"उतारा द्या काहीतरी, डॉक्टर," अण्णा म्हणाले.

"उतारा म्हणजे येळ. दुसरं मला माहीत न्हाय. आता तिसरं काय घातलं तर ते ह्या दोघींत जाऊन काय करील, देव जाणे. ऊब पाह्यजे. अंधार पाह्यजे. आणि तोंडात कुणी काय घालायचं न्हाई. पाण्याचा थेंब न्हाई. गिळायचं भान नसलं की पाणी छातीत जातं."

सुताच्या पाटीत जुनी चादर घातली, सुरमईला तिच्यात ठेवलं. काचेच्या बाटलीत कोमट पाणी भरून, फडक्यात गुंडाळून, पाठीशी लावलं. डॉक्टर पाटीशेजारी जमिनीवर मांडी घालून बसले. मधूनमधून तिला या कुशीवरून त्या कुशीवर वळवत होते आणि दर वेळी आधी हात काखेत.

मी विचारलं, "जगेल का?"

"माहीत न्हाय," ते म्हणाले. या वेळी मोठ्यानं नाही. मग माझ्याकडं न बघता, "अंजबेडरी." मी मनुष्यजात असून मला त्यांनी अहो केलं ते त्या एकाच वेळी.

विणकरांच्या गल्लीत माग मध्येच बंद पडले तर लोक एकच अर्थ काढतात. शेजारी यायला लागले. डोक्यावरची टोपी काढून दारात उभे. "कोण गेलं?"

अण्णा म्हणायचे, "कुणी न्हाई. मांजर झोपलंय."

"मांजर?"

"हळू बोला की."

आलेला माणूस आत डोकावायचा, डॉक्टरांना जमिनीवर बसलेलं बघायचा आणि तोही हळूच बाजूला बसायचा. दुपारपर्यंत ओसरी भरली होती. अक्कानं सगळ्यांना चहा केला. खरोखरीचं मयत असतं तर चहा मिळाला नसता, असं कुणीतरी कुजबुजलं आणि अण्णांनी डोळे वटारले.

बसल्या बसल्या डॉक्टरांनी अण्णांना विचारलं, "एकजण मागावरनं उठला, दुसरा बसला, तर त्याला कळतं कसं, कुठवर झालंय?"

"खुणेचा दोरा बांधतो की आमी. उठणाऱ्यानं बांधायचा. दोरा दिसला की बसणाऱ्याला कळतं."

"मागाला बांधता, आणि मांजराला का न्हाई बांधला?"

अण्णा स्वतःच उठले आणि चादरीच्या सुतातला लाल दोरा तोडून आणला. डॉक्टरांनी तो आपल्या मनगटाला गुंडाळला, दातांनी गाठ मारली आणि सगळ्यांना हात दाखवला. "आज बाई माझ्याकडं. ज्याच्या हाताला दोरा, त्यानंच बघायचं, त्यानंच द्यायचं. दुसऱ्यानं वाटी रिकामी दिसली तरी हात लावायचा न्हाई. दिवस सरला की दोरा सोडून खिळ्याला टांगायचा. तो टांगल्याबिगर बाई दुसऱ्याच्या हातात जात न्हाईत."

उन्हं कलली तेव्हा सुरमईचा एक कान हलला. मग दुसरा हलला. डॉक्टरांनी तिला वळवायला हात घातला, तशी तिनं मान उचलली, पापणी वर केली, समोरच्या बोटाकडं बघितलं आणि त्याला चावली.

"वा बाई," डॉक्टर म्हणाले. बोटातून रक्त येत होतं आणि ते असे हसत होते, जणू घरात मुलगा झालाय. ओसरीतल्या एकानं टोपी परत डोक्यावर घातली.

तिला भान नीट येईपर्यंत ते बसून राहिले. मग ती स्वतः उठून, झोकांड्या खात, पाणी प्याली. जाताना ते सायकलीवर बसले, तेव्हा अण्णा माझ्या कानाशी म्हणाले, "डॉक्टर आपला दोरा घेऊन गेले की."

पुढं सगळं परत पहिल्यापासून. दोन दिवस काहीच औषध नाही. मग नुसती पांढरी, आधीपेक्षा कमी. रोज मी सांगायला जायची, कशी चालते, कशी बघते. मग पिवळी, चिमटीतही येणार नाही इतकी थोडी, आणि त्या दिवशी पांढरी बंद. दोघींची ओळख झाल्यावर एकाच दिवशी दोन्ही, पण एक सकाळी आणि एक बऱ्याच वेळानं, आणि दर वेळी आधीची झोप पूर्ण उतरली की मगच. दोरा रोज कुणाच्या तरी हाताला. नवीन दोरा होता, आधीचा परत आला नव्हता.

आणि माग. डॉक्टरांनी अण्णांना सांगितलं, मागांचंही तसंच. आधी एक चालवायचा. बाई खाली उतरून जेवल्या की दुसरा. अण्णा कपाळाला हात लावायचे. "एवढे लाड मी लग्नात बायकोचे केले न्हाईत."

"खरं हाय ते," अक्का आतून म्हणायची.

शेवटी सगळे माग चालू आणि सुरमई खिडकीत पंजे धूत बसलेली, असा दिवस आला. त्या दिवशी मी दोन भाकऱ्या खाल्ल्या. औषधंही हळूहळू कमी करत बंद झाली, तीसुद्धा एकदम नाही. दवाखान्यात सांगायला गेले तर डॉक्टर म्हणाले, "आणि दुसरी बाई?"

"जेवते," मी म्हटलं.

पुढच्या वर्षी त्यांची बदली झाली, लांब कुठंतरी. अण्णा, अक्का, मी, सूतवालासुद्धा, सगळे एसटी स्टँडवर गेलो. सुरमईला घरीच ठेवलं, गाडीचा वास तिनं ओळखला असता. अण्णांनी चादर दिली, ती त्यांनी घेतली नाही, मग मांडीवर ठेवली तर उतरवलीही नाही. अक्कानं विचारलं, "तिकडं मांजरं हायत का?" ते म्हणाले, "माहीत न्हाय."

गाडी हलली तसा त्यांनी खिडकीतून हात बाहेर काढला. बाही वर सरकली, मनगटावर काहीतरी होतं. आधी वाटलं, घड्याळाचा पट्टा. मग दिसलं. धुऊन धुऊन रंग गेलेला, फिकट गुलाबी, गाठ दातांनी मारलेली.

अण्णांनी पण बघितलं. "बघ," ते म्हणाले, "अजून टांगला न्हाई."

घरी आलो तर सुरमई खिडकीत झोपली होती. वाटी रिकामी होती. दोऱ्याशिवाय कुणीच हात लावला नाही. आम्ही तिघं एकमेकांच्या मनगटांकडं बघत उभे राहिलो.